भाषेच्या देवीला नैवेद्य काय? (रविवारच्या आत हवंय)

गोष्टवेल्हाळ | गुरुवार, रात्री १०:१२

मंडळी, प्रश्न बिनकामाचा आहे पण मला तातडीचा आहे.

आम्ही चौघं दर रविवारी राजारामपुरीत एकाच्या गच्चीवर फासे टाकून गोष्ट खेळतो. एकजण जग रचतो, बाकीचे तिघं त्यात पात्रं होऊन हिंडतात. अडचणीत सापडले की वाचले का मेले ते फासे ठरवतात. सध्या जग रचायची पाळी माझी. जगाचं नाव सातखोरी. सात खोरी, सात बोली, मधनं एकच नदी, आणि खोऱ्याखोऱ्यातनं फिरणारे मिठाचे तांडे.

तिथं पावसाचा देव आहे, मिठाचा आहे, उंबऱ्याचापण आहे. म्हटलं भाषेची एक देवी असू दे. नाव ठेवलं बोलाई. तर गेल्या रविवारी आमच्यातला एक गडी तिचा गुरव झाला आणि पहिल्याच डावाला विचारतो, "सकाळी उठून मी करायचं काय? नैवेद्य काय दाखवू?" मी म्हटलं, दूध-साखर. तो म्हणतो, "दूध-साखर पावसाच्या देवालापण हाय की. मग ही भाषेची कशावरनं?"

गप बसलो. उत्तरच नव्हतं.

सुचवा काहीतरी. वीणा, हंस, पांढरं पातळ सोडून. सरस्वतीची नक्कल करायची नाही एवढीच अट.

मिसळ_मास्तर | गुरुवार, रात्री १०:१५

नैवेद्य मिसळ. पुढचा प्रश्न?

वाड्यातला | गुरुवार, रात्री १०:४१

आधी नाव बदला. पुण्याजवळ वाडेबोल्हाईला बोल्हाईचं देऊळ आहे. तिला मानणाऱ्यांना बोकडाचं मटण चालत नाही, मेंढीचं चालतं. आमच्याकडे दुकानांवर 'बोलाईचे मटण' अशी पाटी दिसते ती त्यामुळेच. हे तुमच्या गुरवाला कळलं तर नैवेद्याचा प्रश्न तत्काळ सुटेल, भाषेचा तसाच राहील.

मिसळ_मास्तर | गुरुवार, रात्री १०:४४

काका, कोल्हापूरकरांच्या धाग्यावर मटणाचा विषय काढलासा. आता भाषा-बिषा विसरा.

गोष्टवेल्हाळ | गुरुवार, रात्री १०:५२

आईशप्पत, हे माहीतच नव्हतं. नाव बदलतो. सुचवा.

सीमेवरचा | गुरुवार, रात्री ११:३०

मुकाई ठेव.

उगंच म्हणत नाही. माझं आजोळ कर्नाटकात. लहानपणी आजी कोल्लूरच्या मूकांबिकेची गोष्ट सांगायची. एक असुर मोठं तप करतो. देव प्रसन्न होणार, हा वर मागणार, आणि नेमक्या त्याच वेळी वाग्देवी त्याची वाचा काढून घेते. मागता येईना म्हणून वर हुकला. मुका झाला म्हणून मूकासुर, आणि पुढं त्याला मारणारी ती मूकांबिका. आपल्याकडं कोल्हासुर मारला म्हणून कोल्हापूर, तसंच हे. कुंभकर्णाचंही बघ. मागायचं होतं इंद्रासन, सरस्वती जिभेवर बसली आणि तोंडातनं निघालं निद्रासन. एका अक्षरानं सहा-सहा महिने झोपला गडी.

म्हणजे भाषेच्या देवीकडं तलवार-त्रिशूळ लागतच नाही. जीभ घसरवली की झालं. भावा, नैवेद्य नंतर बघ. तुझ्या जगातली माणसं या देवीला भितात कशाला, ते आधी ठरव. ज्या देवाला कुणी भीत नाही त्याच्या गुरवाला कोण शिधा देतंय?

दगडफूल | शुक्रवार, सकाळी ७:०५

मुकाई एक नंबर. मग मूर्तीला तोंडच नको. आपल्याकडं गावोगावी तांदळा असतो तसा नुसता शेंदूर लावलेला दगड, वर चांदीचे डोळे. बघते, ऐकते, बोलत नाही.

का बोलत नाही? तर तिनं आपली जीभ तोडून सात तुकडे केले आणि सात खोऱ्यांना वाटले. म्हणून सात बोली. प्रत्येक खोऱ्याचं म्हणणं, जिभेचं मूळ आमच्याकडं आलं, तुमच्याकडं नुसता शेंडा.

मिसळ_मास्तर | शुक्रवार, सकाळी ७:२०

शेंडा मिळालेलं खोरं म्हणजे तिखट कळणारे आपण. मूळ मिळालेले म्हणजे पुणेकर. घशातनं बोलतात.

वाड्यातला | शुक्रवार, सकाळी ८:०२

दुर्लक्ष करत आहे.

पाटी_पेन्सिल | शुक्रवार, दुपारी १:१५

मी प्राथमिक शाळेत शिकवते, म्हणून माझ्या बाजूने सांगते.

सरस्वती नको म्हणालात, पण दसऱ्याला आपण पाटीवर जी काढतो तिच्याकडे एकदा नीट बघा. तिच्यात वीणा नाही, हंस नाही. एकाच्या आकड्यांची नक्षी असते नुसती. तीन वर्षांच्या पोरालाही काढता येते. मला तर छापील चित्रातल्या सरस्वतीपेक्षा हीच खरी वाटते, कारण ही पोराने स्वतः लिहिलेली असते. देवी लिहून काढायची आणि तिलाच हळद-कुंकू वाहायचं. दुसऱ्या दिवशी पुसून त्याच पाटीवर पाढे.

दुसरं, तुमच्या जगात मूल जन्मल्यावर काय करतात? आपल्याकडे बाळाच्या जिभेला वेखंड उगाळून लावतात, बोल स्पष्ट यावेत म्हणून. पाचवी-सहावीच्या रात्री सटवाई येऊन कपाळावर नशीब लिहिते, म्हणून कोरा कागद आणि लेखणी ठेवायची. बारशाला आत्या कानात कुर्रर्र करते आणि पाठीत धपाटे खाते. म्हणजे चालता यायच्या आत पोराच्या जिभेवर, कपाळावर आणि कानावर भाषेचे संस्कार होऊन जातात. तुमच्या गुरवाला सकाळचं काम हवंय ना? बाळंतिणीच्या दारोदार जाऊ दे. भरपूर काम आहे.

विटेवरची_अक्षरं | शुक्रवार, रात्री ९:१०

थोडं लांबचं उदाहरण देतो. सुमेरमध्ये, म्हणजे प्राचीन इराकात, लेखनाची देवता निसाबा. ती मुळात धान्याची देवी. किती पोती आली, किती गेली हे ओल्या मातीच्या विटेवर खुणा करून ठेवता ठेवता तिकडे लेखन वाढलं, आणि धान्याची देवी लेखनिकांची देवी झाली. पुढे तिथले लेखनिक रचना संपवताना शेवटी 'निसाबाची स्तुती असो' असं लिहीत. नंतर बाबिलोनमध्ये नाबू आला आणि त्याने तिची जागा घेतली. इजिप्तमध्ये हेच खातं थोथकडे, तोंड आयबिस पक्ष्याचं.

मुद्दा असा की यातले बरेचसे देव लेखणीचे आहेत, बोलण्याचे नाहीत. लेखनिकांना पगार होता, त्यांनी आपला देव लिहून ठेवला. बाजारात भाव करणाऱ्या बाईचा देव कोणी लिहून ठेवला नाही. आपल्याकडे मात्र ऋग्वेदात वाक् स्वतःच बोलते. त्या सूक्तात कुणी तिची स्तुती करत नाही, ती 'मी, मी' म्हणत स्वतःचीच ओळख करून देते. तुम्हाला यातलं काय हवंय, लेखणीची देवी की तोंडाची?

गूळभट्टी | शुक्रवार, रात्री ९:३२

म्हणजे निसाबा ही मार्केट यार्डातल्या गुळाच्या पेढीवरच्या दिवाणजींची देवी. दिवाळीला वहीपूजन करतोय तेव्हा आम्ही तिलाच हात जोडतोय, फक्त नाव लक्ष्मीचं घेतोय. बरं झालं सांगितलंत.

गोष्टवेल्हाळ | शुक्रवार, रात्री १०:००

तोंडाची. सातखोरीत लिपी नाहीच. तांड्याचा हिशेब दोरीला गाठी मारून ठेवतात. जीभवाटपाची गोष्ट आणि सकाळची बाळंतीण-फेरी, दोन्ही घेतलं. नैवेद्य अजून अडलाय.

बिनटोपीचा | शनिवार, सकाळी ९:४५

सगळे गोड गोड बोलताहेत, मी जरा कडू बोलतो.

भाषेला देवी केलं की गाभारा येतो, गाभारा आला की उंबरा येतो, आणि कुणाला आत घ्यायचं ते ठरवणारा माणूस उंबऱ्यावर बसतो. मी राधानगरी तालुक्यातला. अकरावीला शहरात आलो. पहिल्याच तासाला उभं राहून 'पानी' म्हटलं आणि अख्खा वर्ग हसला. सरही हसले. त्यानंतर दोन वर्षं मी वर्गात पाणी मागितलं नाही. तहान लागली तर उठून नळावर जायचो. आज माझा ण बघा किती सुंदर आहे. तो भक्तीने आलेला नाही.

तेव्हा तुझ्या जगात दोन देवळं ठेव. एक डोंगरावर, दगडी, तिथं गुरव उच्चार तपासून आत सोडतात. दुसरं बाजारात, बिनछपराचं, तिथं तांडेवाले सातही बोलींची खिचडी करून नवस बोलतात. आणि देवी कुठल्या देवळात आहे हे कुणालाच माहीत नको.

आणि देवी म्हणजे जुनीच लागते असंही नाही. उत्तर प्रदेशात लखीमपूर खीरी जिल्ह्यातल्या बांका गावात २०१० मध्ये दलित कार्यकर्त्यांनी इंग्रजी देवीचं देऊळ बांधायला घेतलं. मूर्तीच्या डोक्यावर हॅट, एका हातात लेखणी, दुसऱ्या हातात संविधान, उभी संगणकावर. लोक हसले. मला हसू आलं नाही. ज्यांना एका भाषेच्या देवळात कधी घेतलं नाही त्यांनी दुसऱ्या भाषेचं देऊळ बांधायला घेतलं, सरळ हिशेब आहे.

सीमेवरचा | शनिवार, सकाळी १०:२०

देऊळ तमिळ लोकांचंही आहे. कारैकुडीला तमिळ ताईचं. तिथं भाषाच आई. आपण मराठीला माय म्हणतो, पण देऊळ काही बांधलं नाही.

वाड्यातला | शनिवार, सकाळी १०:५५

बिनटोपीचा, वर्ग हसला हे वाईटच. पण प्रमाण उच्चार शिकवणं म्हणजे उंबऱ्यावर बसणं नव्हे. काही एक सामायिक रूप नसेल तर कोल्हापूरचा माणूस नागपूरच्या माणसाशी बोलेल कसा? सातखोरीतही तांड्यांना मधली बोली लागेलच.

बिनटोपीचा | शनिवार, सकाळी ११:०८

लागेल की. पण ती बाजारात घडू दे. डोंगरावरनं घडून खाली आली की तिचं तिकीट लागतं.

वाड्यातला | शनिवार, सकाळी ११:३०

हे वाक्य चांगलं आहे. पटलेलं नाही, पण चांगलं आहे.

नीरेकाठची | शनिवार, दुपारी १२:४०

बाजारातल्या देवळाला उत्सव हवा असेल तर सातारा जिल्ह्यात बघा. खंडाळा तालुक्यात सुखेड आणि बोरी अशी शेजारशेजारची गावं. नागपंचमीच्या दुसऱ्या दिवशी मधल्या ओढ्याच्या दोन काठांवर दोन्हीकडच्या बायका जमतात आणि हातवारे करकरून एकमेकींना शिव्या घालतात. बोरीचा बार म्हणतात त्याला. वाजंत्री असते, बघ्यांची ही गर्दी असते. मनात राग नसतो, रीत असते. शिमग्याची बोंब असते तसंच, फक्त हे बायकांचं.

मुकाईला सात खोऱ्यांच्या शिव्या वाहा. कुठल्याही बोलीत सगळ्यात जुना माल तोच असतो.

मिसळ_मास्तर | शनिवार, दुपारी १२:४४

हे जमलं तर कोल्हापुरात मुकाईचं पीठ होणार. शिवाजी पेठेतनं एक पालखी, मंगळवार पेठेतनं दुसरी. ओढा नाही, रंकाळा घेऊ.

आजीची_नात | शनिवार, दुपारी ४:१५

सगळं वाचलं. नैवेद्याचं उत्तर अजून कुणी दिलेलं नाही, तर माझं सांगते.

माझी आजी काशीला जाऊन आली आणि तिने वांगं सोडलं. तिकडे गेलं की आवडीचं काहीतरी सोडून यायचं असतं. वांगं तिला जीव की प्राण. पुढची एकोणीस वर्षं तिने सगळ्यांना भरली वांगी करून वाढली आणि स्वतः शिवली नाही. चव कशी बघायची विचारलं तर म्हणायची, वासावर कळतं.

मुकाईला पदार्थ नकोच. तिला शब्द सोडायचा. जत्रेला जायचं, दगडावर हात ठेवून एक शब्द कानात सांगायचा, आणि पुढच्या जत्रेपर्यंत तो तोंडातनं काढायचा नाही. नावडता सोडून चालणार नाही. कडू कारलं सोडून पुण्य लागत नाही.

ही सवय आपल्याला नवीन नाही. आजी आजोबांचं नाव कधी घ्यायची नाही. घ्यावं लागलंच तर उखाण्यात, म्हणजे शब्दाभोवती सहा शब्दांचं कुंपण घालून. दिवा विझवला म्हणायची नाही, शांत केला. कुंकू संपलं नाही, वाढलं. बांगडी फुटली नाही, वाढवली. रात्री साप म्हणायचं नाही, लांबडं म्हणायचं. घरातनं निघताना 'जातो' म्हटलं तर परत बोलावून 'येतो' म्हणायला लावायची. तिच्या घरात निम्मे शब्द देवाला सोडलेलेच होते.

दगडफूल | शनिवार, दुपारी ४:३०

नादखुळा. संपलं, हेच घ्या.

विटेवरची_अक्षरं | शनिवार, संध्याकाळी ५:५०

'शब्दचि हा देव, शब्देंचि गौरव पूजा करूं' असं तुकोबा सांगून गेलेच आहेत. इथे देव आणि पूजा एकाच मालाची आहे. दूध-साखरेची अडचण म्हणूनच होती, ती बाहेरची.

गूळभट्टी | शनिवार, संध्याकाळी ६:१५

धंद्याच्या बाजूनं विचारतो. कुणी 'नाही' सोडला तर? वर्षभर त्याला कुणी पण लुटणार. आणि गरीब माणूस पैशासाठी शब्द सोडणार. सावकार म्हणणार, तुझा 'माझं' एवढा देवीला वाहा, कर्ज माफ. मग तो 'माझं शेत' म्हणू शकत नाही आणि शेत सावकाराचं. फाशांपेक्षा हा खेळ डेंजर आहे.

आजीची_नात | शनिवार, संध्याकाळी ६:२२

बाप रे. मी एवढा विचार केला नव्हता. गूळभट्टी, तुम्ही सावकारी तर करत नाही ना?

गूळभट्टी | शनिवार, संध्याकाळी ६:२५

उधारी वसूल करतो. शेजारचंच खातं.

वाड्यातला | शनिवार, रात्री ८:००

गोष्टवेल्हाळ दादा, एक नियमाचा प्रश्न. सोडलेल्या शब्दाचा समानार्थी शब्द चालतो का? 'पाणी' सोडून 'जल' म्हटलं तर? पळवाट आत्ताच बंद करा, तुमचा गुरव उद्या पहिल्यांदा तीच शोधेल.

गोष्टवेल्हाळ | शनिवार, रात्री ८:४०

काका, चालतो. पण तो शेजारच्या खोऱ्यातनं मागून आणायला लागतो, आणि मागितलेला शब्द परत द्यायला लागतो.

आता एक सांगायचं राहिलंय. दादा नाही, ताई. तीन दिवस सगळे भावा-दादा करालाय, मीपण मजा बघत बसलो. कोल्हापुरात आम्ही पोरी 'मी आलो, मी बसलो'च म्हणतोय. घरात आईपण तसंच बोलते.

वाड्यातला | शनिवार, रात्री ८:४३

!!!

सीमेवरचा | शनिवार, रात्री ८:५०

मला 'गप बसलो'लाच शंका आली होती, पण म्हटलं बघूया पुणेकरांना कधी कळतंय.

बिनटोपीचा | शनिवार, रात्री ९:०५

मग ठरलं. गुरवाच्या अंगात मुकाई आली की ती 'मी आलो' म्हणणार. त्यावरनं सहा खोरी म्हणतात हा देव, आणि एक खोरं म्हणतं अरे खुळ्यांनो, आमच्याकडं बाया असंच बोलतात. शंभर वर्षं भांडण.

वाड्यातला | शनिवार, रात्री ९:२०

आणि त्या सहा खोऱ्यांत मी. मान्य. ताई, उद्याचं कळवा.

गोष्टवेल्हाळ | सोमवार, रात्री १०:३०

कळवतो.

गच्चीवर विटेला शेंदूर लावून मुकाई मांडली. नियम केला, खेळात सोडलेला शब्द गच्चीवर पण बोलायचा नाही. चुकला की एक फासा जप्त. गुरवानं हात ठेवला आणि मोठ्या ऐटीत 'भावा' सोडला. अकरा मिनिटं टिकला. पहिला फासा चहावाल्या पोराला हाक मारताना गेला.

पण खरी मजा नंतर. धुक्यात दोरीचा पूल, पलीकडं तांड्याची कुत्री सुटलेली, आणि पुढं चाललेल्या सोबत्याला सावध करायचं. गुरवानं तोंड उघडलं आणि थांबला. भावा म्हणता येईना. त्याच्या पात्राचं नाव घ्यायचं तर ते आठवेना. आठ रविवार आम्ही सगळ्यांनी त्याला भावाच म्हटलंय. ज्याचं पात्र तो पण विसरलेला. सगळा खेळ थांबवून मी वही उलटीपालटी केली, तर पहिल्या पानावर पेन्सिलीनं लिहिलं होतं, सोनबा. तोपर्यंत कुत्र्यांचे फासे पडलेले. सोनबाची एक पोटरी गेली, जीव वाचला.

आता सगळे त्याला सोनबाच म्हणालेत. खेळ संपल्यावर खाली मिसळ खातानापण.

मिसळ_मास्तर | सोमवार, रात्री १०:३४

शेवटी मिसळ आलीच. मी पहिल्याच उत्तरात सांगितलेलं.

आजीची_नात | सोमवार, रात्री ११:०२

पोटरी गेली त्या सोनबाने काय सोडलं?

गोष्टवेल्हाळ | सोमवार, रात्री ११:१०

'पळ' सोडला. म्हणतो, तसंपण आता उपयोग नाही.

आणि गुरवाचा नवा प्रश्न आलाय. जत्रेनंतर देवी शब्द परत देते तेव्हा तो तसाच घ्यायचा का आधी उतारा काढायचा? वर्षभर न वापरलेला शब्द तोंडात पहिल्यांदा घेताना काय करतात? यावर वेगळा धागा काढतो.

वाड्यातला | सोमवार, रात्री ११:१२

काढते.

गोष्टवेल्हाळ | सोमवार, रात्री ११:१३

काढतो.